ओल्या पायांचं तळं

“त्या तळ्यात म्हणे आईनंच लेकीचा हात…”

एवढंच तुमच्या कानावर आलं असणार. एसटीतून उतरलात, टपरीवर चहा घेतलात, तिथं दोघं बोलत होते आणि तुम्ही वळून पाहिल्याबरोबर गप्प झाले. आमच्या या आडकोळ गावात येणाऱ्या प्रत्येकाला ही गोष्ट अशीच अर्ध्यावर तोडलेली मिळते. उरलेली ऐकायला लोक आमच्या दारात येतात, कारण तळ्याला लागून पहिलं घर आमचंच. बसा. चपला मात्र काढूनच ठेवा.

हे समोर दिसतं ते तळं. चार दिशांना चार दगडी बैठका आहेत, बघा. एक माणूस मांडी घालून बसेल एवढ्याच. कोरड्या पायांनी त्यांवर बसायचं नाही. गावात तंटा झाला की साक्षीदारानंही आधी इथं उतरून पाय भिजवायचे आणि मगच तोंड उघडायचं, अशी इथली रीत. ती कशी पडली, त्याचं असं सांगतात.

फार मागं इथं चौदिठी पंथाचा मठ होता. दिठी म्हणजे नजर. येसोबा नावाच्या साधूनं तो पंथ काढला. कुठलीही गोष्ट एका जागेवरून पुरती दिसत नाही, असं त्याचं म्हणणं. म्हणून त्याचे चार शिष्य रोज सकाळी या चार बैठकांवर बसत आणि तळ्याकडे पाहत. शंख वाजला की मठात येऊन ज्यानं त्यानं आपल्या बाजूनं काय दिसलं ते सांगायचं. येसोबा स्वतः कधी पाहत नसे. डोळे मिटून चौघांचं ऐके आणि म्हणे, “हे सगळं मिळून खरं.” नियम एकच, पण कडक. शंख वाजेपर्यंत बैठक सोडायची नाही. एक उठला की एक बाजू मेली, आणि एक बाजू मेली की उरलेल्या तिन्ही खोट्या.

वाईट नव्हतं हो ते. बांधाची, पाण्याची कितीतरी भांडणं म्हणे या मठात मिटली.

मठात भाकऱ्या थापायला सकवार नावाची बाई होती. नवरा गेलेला, पदरी एकच लेक, ठकू. सकवारला पंथबिंथ काही कळत नसे, पण तोंडाला धार होती. उत्तरेच्या बैठकीवरचा शिष्य एकदा म्हणाला, “सकवारबाई, या बाजूनं भाकरी करपलेली दिसते.”

“मग उलटून खा की, महाराज. तुमच्या नजरा चार. भाकरीला बाजू दोनच.”

डोळे मिटलेला येसोबासुद्धा त्या दिवशी हसला, असं सांगतात.

तो भादव्याचा महिना होता. तळं काठोकाठ भरलेलं, पायऱ्यांवर शेवाळ. पंगतीला पत्रावळीऐवजी कमळाची पानं लागत, ती आणायला ठकू उत्तरेच्या पायऱ्या उतरली आणि घसरली. चुलीपुढून सकवार तशीच पिठाच्या हातांनी धावली. पायरीवर पालथी पडून तिनं एका हातानं लेकीचं मनगट धरलं, दुसऱ्या हातानं काठच्या उंबराचं मूळ. पाणी खोल होतं आणि ठकूचं लुगडं भिजून जड झालं होतं. एकटीनं वर ओढणं होईना. सकवारनं हाका मारल्या. आधी देवाला, मग येसोबाला, मग चौघांना नावं घेऊन. उत्तरेचा तर हातभरावर बसला होता.

शंख वाजला नव्हता. कुणी उठलं नाही.

शंख वाजला तेव्हा तळ्याचं पाणी पुन्हा शांत झालं होतं.

मठात गाव गोळा झालं. ठकूला गावकऱ्यांनीच बाहेर काढून ओसरीवर निजवलं होतं. येसोबानं रोजच्यासारखे डोळे मिटले आणि चौघे रोजच्यासारखे सांगू लागले. पूर्वेचा म्हणाला, “आईनं हात सोडला.” पश्चिमेचा म्हणाला, “नाही, आई ओढली जाईल म्हणून पोरीनंच मनगट सोडवून घेतलं.” दक्षिणेच्यानं सांगितलं, “मला लांबून पोरीचा चेहरा दिसला. हसल्यासारखा वाटला.” आणि उत्तरेचा म्हणाला, “मला फक्त आईची पाठ दिसत होती. हलत होती. बहुधा हाका मारत असावी.”

येसोबानं चौघांचं ऐकून घेतलं. मग सवयीनं म्हणाला, “हे सगळं मिळून खरं.”

लेकीच्या उशाशी बसलेली सकवार उठली. अंगावरचं पाणी जमिनीवर गळत होतं.

“बुवा, माझंही घ्या त्यात,” ती म्हणाली. “पोरीनं नाही सोडवला. हात मीच सोडला. मूळ उपटत आलं होतं. आता दोघी जाणार, असं एकदा मनात आलं आणि बोटं उघडली. ते माझं पाप, ते मी भोगीन. पण त्याआधी घसा फाटेस्तोवर ओरडले, त्याला नुसतं ‘बहुधा’ कसं म्हणता? हात कुणी सोडला हे दिसण्याइतकं नीट पाहत होता तुम्ही. मग एवढं सांगा, कुणाचं धोतर भिजलंय?”

येसोबा उठला. डोळे मिटलेलेच होते. चाचपडत तो एकेका शिष्यापुढं वाकला आणि धोतराचा काठ बोटांत धरून पाहिला. चारही कोरडे. मग सकवारचा पदर त्याच्या हाताला लागला. शेवटी त्यानं स्वतःचं धोतर धरलं. तेही कोरडंच होतं.

त्यानंतर शंख वाजला नाही. शिष्य पांगले. येसोबा रोज उत्तरेच्या पायरीवर गुडघाभर पाण्यात उभा राही, शेवटपर्यंत, आणि डोळे उघडे ठेवून, असं म्हणतात. ज्याचे पाय ओले नाहीत त्यानं पाहिलं असं म्हणू नये, हा दंडक त्यानंच गावाला घालून दिला.

सकवारचं मात्र कुणी फारसं सांगत नाही. ती याच गावात म्हातारी झाली. चौघांनी सांगितलेल्यातलं गावानं एकच उचललं, पूर्वेच्याचं. त्याला तिनं स्वतःच्या तोंडानं दुजोरा दिला होता ना. बायका पाणवठ्यावर कुजबुजत, “आईनंच लेकीचा हात…” आणि सकवार येताना दिसली की तिथंच थांबत. ती गेली, पण वाक्य तिथंच तोडायची सवय काही गेली नाही. ऐकणारी तुम्ही परकी माणसं असलात तरी जीभ तिथंच अडते.

आजही साक्षीला उभं राहणारा माणूस आधी तळ्यावर येतो. पण गुडघाभर पाण्यात उतरतो कोण? काठावर बसून तांब्याभर पाणी पायांवर ओततात आणि आपलं मत सांगून मोकळे होतात.

तेव्हा टपरीवर ऐकलंत ते खोटं नाही. हात आईनंच सोडला. पुरतं खरंही नाही. ती उत्तरेची बैठक, उंबराशेजारची, तिच्यावर बसून हात लांबवला तर बोटं पाण्याला लागतात. बसून बघा. पण आधी पाय भिजवा.