काचेच्या कपाटातली माणसे

कृषी विद्यापीठ असलेल्या एका गावी मुलांसाठी एक वाचनालय होते आणि ते सांभाळणारे एक वृद्ध ग्रंथपाल होते. सारे गाव त्यांना नाना म्हणत असे. नानांचे बोलणे थोडे आणि हसणे पुष्कळ. एखाद्या मुलाने पुस्तक फाडले तर ते रागावत नसत. त्याला शेजारी बसवून त्याच्याच हातून ते डिंकाने चिकटवून घेत. त्यांच्या हाताखाली हेमांगी नावाची एक तरुणी ग्रंथपालाचे काम शिकत होती. ती हुशार होती, मेहनती होती, आणि आपल्या गावच्या मुलांना मोठे जग दिसावे अशी तिला मनापासून तळमळ होती.

एके वर्षी एका संस्थेने वाचनालयाला पुस्तकांची मोठी पेटी भेट दिली. आफ्रिकेतल्या आणि वेस्ट इंडीजमधल्या लोकांविषयीची ती मुलांची पुस्तके होती. बरीचशी तिथल्याच लेखकांनी लिहिलेली, मराठीत उत्तम आणलेली, आणि चित्रे तर अशी की पान उलटवायला हात होऊ नये. हेमांगी हरखून गेली.

“नाना, आपल्या मुलांना आफ्रिका म्हटलं की सिंह आठवतो आणि वेस्ट इंडीज म्हटलं की वेगवान गोलंदाज. मी या पुस्तकांचं एक वेगळं दालनच करते.”

“कर,” नाना म्हणाले.

हेमांगीने दर्शनी भागातले काचेचे कपाट रिकामे केले, घासूनपुसून लख्ख केले. पुस्तके उभी मांडली, मधोमध पुठ्ठ्याचा मुखवटा आणि रंगवलेला ढोल ठेवला. वर वळणदार अक्षरांत पाटी लावली : ‘आफ्रिका व वेस्ट इंडीजमधील लोक आणि त्यांची संस्कृती’. खाली लहान लहान पट्ट्या होत्या. ‘या लोकांना भडक रंगांची वस्त्रे आवडतात.’ ‘ढोल व नृत्य त्यांना प्रिय आहे.’ ‘मका व कंद हे त्यांचे अन्न होय.’ नवी पुस्तके मळू नयेत म्हणून तिने कपाटाला कुलूप लावले. ज्याला पुस्तक हवे असेल त्याने किल्ली मागावी.

पालकांनी कपाटाचे फार कौतुक केले. मुलांनी काचेला नाक लावून आत पाहिले आणि ती आपल्या नेहमीच्या फळ्यांकडे वळली. किल्ली मात्र कोणी मागितली नाही.

त्याच सुमारास एका शनिवारी रेहेमा नावाची एक बाई आपल्या मुलीला घेऊन वाचनालयात आली. ती मूळची टांझानियाची. विद्यापीठात बियाण्यांवर संशोधन करण्यासाठी दोनेक वर्षांपासून गावात राहत होती. मुलीचे नाव नीमा. गावच्याच शाळेत जात असल्यामुळे नीमा मराठी चांगले बोलत असे. तिला पाहताच हेमांगीच्या आनंदाला पारावार उरला नाही. तिने नीमाचा हात धरला आणि तिला थेट त्या कपाटापुढे नेऊन उभे केले.

“बघ, हे सगळं तुमचं!”

बाकीची मुले भोवती जमली. ती एकदा कपाटाकडे पाहत, एकदा नीमाकडे पाहत. मल्हार नावाचा एक मुलगा होता, स्वभावाने वाईट नव्हे, पण धीट. त्याने विचारले, “तुला ढोल वाजवता येतो?”

“नाही,” नीमा म्हणाली.

“मग नाचून दाखव.”

नीमाने आईच्या पिशवीचा बंद घट्ट धरला. रेहेमा सभ्यपणे हसली, “छान मांडलंय,” म्हणाली आणि मुलीला घेऊन निघून गेली. पुढच्या शनिवारी त्या आल्या नाहीत. त्याच्या पुढच्या शनिवारीही नाही.

हेमांगीच्या मनाला रुखरुख लागली. ती नानांना म्हणाली, “माझं काय चुकलं? पट्ट्यांवर लिहिलेलं सगळं त्या पुस्तकांतूनच घेतलंय. एक शब्द पदरचा नाही.”

नानांनी सगळे ऐकून घेतले.

दुसऱ्या दिवशी सकाळी हेमांगी आली, डबा आणि छत्री नेहमीच्या जागी ठेवली, आणि नानांनी तिला बांधणीला दिलेली पुस्तके आणायला बाजारात धाडले. ती परतली तेव्हा कपाटासमोर मुलांची गर्दी होती. कपाटातली सगळी पुस्तके बाहेर टेबलावर रचलेली होती. आत तिचा डबा झाकण काढून ठेवलेला होता. शेजारी तिची फुलाफुलांची छत्री आणि टेबलावर राहिलेला केसांचा चिमटा. वर नानांच्या थरथरत्या अक्षरांत पाटी होती : ‘या प्रदेशातील तरुण स्त्री’. खाली पट्ट्या होत्या. ‘ही स्त्री पोळी व वांग्याची भाजी खाते.’ ‘हिला फुलांची नक्षी प्रिय आहे.’ ‘उन्हात ही छत्री वापरते.’

“ताई, तुम्ही रोज वांगंच खाता?” मल्हारने विचारले.

“ताई, छत्री उघडून दाखवा ना!” ओवी नावाची मुलगी म्हणाली.

हेमांगी आधी हसली. मग तिच्या कानशिलांना ऊब आली. तेवढ्यात एक अनोळखी पालक बाई आत आल्या, त्यांनी पाट्या वाचल्या, आणि हेमांगीला नखशिखान्त न्याहाळले. हेमांगीला सांगावेसे वाटले की, अहो, वांगे मला मुळीच आवडत नाही, वहिनीने केले म्हणून आणले. छत्री मी घेतलेली नाही, वडिलांनी शेवटच्या आजारपणाआधी आणून दिलेली आहे. पण त्या बाई तोवर पुढे गेल्या होत्या. कोणाला सांगणार?

मुले पांगल्यावर ती नानांपुढे येऊन उभी राहिली.

“ही थट्टा कशासाठी, नाना?”

“त्यात खोटं काय लिहिलंय ते दाखव. आत्ता खोडतो.”

हेमांगी पुन्हा कपाटापाशी गेली. तिने प्रत्येक पट्टी वाचली.

“खोटं काही नाही,” ती हळूच म्हणाली. “पण यात मी कुठेच नाही.”

नानांनी कुलूप काढले, डबा बाहेर घेतला आणि तिच्या हाती दिला. “आधी जेव. नाही तर तुला कधीच न आवडलेलं ते वांगं गारही होईल.”

तिला हसू आले आणि डोळेही भरून आले. ती जेवायला बसली तेव्हा नाना समोरच्या स्टुलावर टेकले आणि बोलू लागले.

“तुझा हेतू शुद्ध होता, आणि माहितीही खरी होती. पण तू ही पुस्तकं नीट वाचलीस ना? एकात आजी नातीची वेणी घालते आणि नात कोकलते. एकात ससा हत्तीला बनवतो. एकात दोन भाऊ एका सायकलवरून भांडतात. ही माणसं पळतात, रुसतात, थापा मारतात. आपण त्यांना काचेआड उभं केलं आणि सांगितलं, हलू नका, तुम्ही संस्कृती आहात. मग मुलांनी तरी काय करावं? त्यांनी लांबून पाहिलं. मुलाला आधी कुणीतरी आवडू दे, हेमांगी. मग ते कुठलं, काय खातं, कोणत्या देवाला हात जोडतं, हे विचारत मूल स्वतःच तुझ्याकडे येईल. त्या वेळी दिलेलं उत्तर त्याच्यापाशी राहील.”

“म्हणजे वेगळेपण लपवायचं?”

“छे! ढोल बनवण्याचं एक सुरेख पुस्तक आहे त्यात. ते तबल्याच्या पुस्तकाशेजारी ठेव. तिथे त्याचं वेगळेपण जास्त उठून दिसेल.”

हेमांगीने हातातला घास खाली ठेवला. मग म्हणाली, “आणि नीमा?”

“तिला काय वाचायला आवडतं, ते तू विचारलं होतंस?”

तिने विचारले नव्हते.

त्या दुपारी दोघांनी मिळून ती पुस्तके साऱ्या वाचनालयात वाटून टाकली. वेणीचे पुस्तक आजी-आजोबांच्या गोष्टींत गेले, सशाचे विनोदी पुस्तकांत, सायकलचे भावंडांच्या गोष्टींत. कपाट बाजूला सरकवून त्याच्या जागी नानांनी मुलांना बसायला सतरंजी अंथरली.

संध्याकाळी हेमांगी विद्यापीठाच्या वसाहतीत गेली. रेहेमा अंगणात वाळलेले कपडे काढत होती. नीमा पायरीवर बसून पेन्सिलीला टोक करत होती. हेमांगीला पाहून ती जरा आत सरकली.

हेमांगी पायरीवर, तिच्यापासून थोडे अंतर ठेवून बसली.

“नीमा, त्या दिवशी मी तुला काही न विचारताच सगळ्यांपुढे उभं केलं. माझं चुकलं. आज विचारायला आले आहे. तुला कसली पुस्तकं आवडतात?”

नीमाने आईकडे पाहिले. आईने खांदे उडवले. मग नीमा म्हणाली, “भुताची.”

रेहेमा हातातले कपडे घेऊन मोठ्याने हसली. “आणि मग झोपताना दिवा मालवू देत नाही!”

“आमच्याकडे भुतांची एक आख्खी फळी आहे,” हेमांगी म्हणाली. “त्यातलं एक तर असं आहे की मीसुद्धा ते पुरतं वाचू शकलेले नाही.”

“खरंच?” नीमाने पेन्सिल खाली ठेवली. “किती मोठं भूत आहे?”

त्या शनिवारी नीमा आली. आल्याबरोबर तिने ते पुस्तक शोधून काढले. नेमके ओवीलाही तेच हवे होते. थोडी ओढाताण झाली, थोडी तक्रार झाली; शेवटी दोघींनी सतरंजीवर बसून मिळून वाचायचे ठरले. नीमा छापील मराठी सावकाश वाचे. ओवी तिला घाई करी. भीतीचा भाग आला की दोघी एकमेकींचा दंड धरत आणि तेवढ्यापुरती घाई थांबे.

पलीकडे खोडकर मुलांच्या गोष्टींची फळी होती. तिच्यापाशी मल्हार एकटाच खिदळत होता. वाचता वाचता तो उठला आणि पुस्तक घेऊन नानांकडे धावला.

“नाना, यातला मुलगा शेजाऱ्याच्या कैऱ्या चोरतो! आणि कैरीला मीठ-मिरचीबरोबर चक्क लसूण लावतो! हे कुठलं गाव?”

“हेमांगीताईला विचार.”

हेमांगीने नकाशांचे पुस्तक उघडले आणि निळ्या पाण्यातल्या एका ठिपक्यावर बोट ठेवले.

“एवढंसं?”

“एवढंसं. वेस्ट इंडीजमधलं एक बेट आहे ते.” आणि मग मल्हारने इतके प्रश्न विचारले की हेमांगीला दोन उत्तरे शोधायला उठावे लागले. तिथे शाळेला सुट्टी कधी असते, कैरीला ते काय म्हणतात, चोर सापडला तर मारतात का.

मध्येच मल्हारला काही सुचले. तो सतरंजीकडे वळून ओरडला, “नीमा, तुमच्याकडे पण कैरीला लसूण लावतात का गं?”

नीमाने पुस्तकातून मान वर केली नाही.

“मला काय माहीत? ते बेट आमच्यापासून केवढं लांब आहे! आणि गप्प बस ना जरा, इथे भूत येतंय.”

हेमांगीने नानांकडे पाहिले. नाना ओठ मिटून हसत होते. मल्हार क्षणभर घुटमळला, मग हळूच जाऊन त्या दोघींच्या मागे गुडघ्यांवर बसला आणि खांद्यांवरून वाकून पुढचे पान वाचू लागला.