हात हलवणारा शिष्य

"म्हणजे मला ठेवून घेता की नाही, बुवा?"

पुष्करने पुन्हा तेच विचारलं. नोकरीला रामराम ठोकून गुंडाबुवांचा शिष्य व्हायचं, हे त्याने पक्कं केलं होतं. राजीनामा मोबाइलमध्ये तयार होता. बुवांनी हो म्हणायचा अवकाश, की तो धाडणार होता.

"ऑफिसात त्रास काय आहे तुला?"

"त्रास कसला? एसी आहे, कॉफी आहे. पण माणूस म्हणून कोणी ओळखत नाही हो! दिवसभर स्क्रीनकडे बघायचं नि घरी जायचं."

"बरं. आधी गप्प बसून दाखव."

टेकडीतल्या बुवांच्या गुहेत भरदुपारीही काळोख असे. तेलाचा एक दिवा तेवढा जळत होता. पुष्करने ऐटीत मांडी घातली, डोळे मिटले. पोहोचलेल्या माणसासारखा चेहराही केला.

थोड्या वेळाने त्याचा उजवा हात वर गेला, हलला, खाली आला.

मग पुन्हा...

"डास चावतायत?"

"नाही."

"मग कोणाला बोलावतोयस?"

पुष्कर ओशाळला. "सवय हो. आमच्या ऑफिसात कोणी हललं नाही तर सेन्सरचे दिवे आपोआप विझतात. म्हणून सगळेच अधूनमधून हात हलवतात."

"एकमेकांना?"

"छे! छताला."

बुवांना हसता हसता ठसका लागला. पाणी प्यायल्यावर त्यांनी विचारलं, "कधी विझलेच नाहीत?"

"एकदा विझले. ज्याला त्याला वाटलं, दुसरा हलवेल. मिट्ट काळोख! कोणीतरी ओरडलं, 'अरे, आहात का?' आम्ही सगळे ओरडलो, 'आहोत!' जाम हसलो, बुवा. चकल्यांचा डबा फिरला, चाचपडत खाल्ल्या. एकाने तर गाणं सुरू केलं..."

सांगताना गडी असा खुलला, की बुवा बघतच राहिले.

"मग?"

"मग कोणीतरी हात हलवला."

"कोण तो गाढव?"

पुष्कर चटईची काडी उपटू लागला. त्याला फार वाईट वाटत होतं.

"...मी."

बुवांनी दिव्याची वात सारखी केली.

"तर मग... राजीनामा धाडू?"

बुवांनी उपरण्याने वारा घालून दिवा मालवला.

गुहेत काही दिसेना. पुष्करचा हात आपसूक वर गेला.

"हात खाली घे," अंधारातून बुवा म्हणाले. "माणूस म्हणून ओळखायचं म्हणतोस, तर आधी सांग, चकल्या केल्या होत्या कोणी?"