जप्तीचा माल महाराजांचा

त्या वर्षी केवलगिरी महाराजांचा चातुर्मास नदीपलीकडच्या आंबेवाहीच्या मठीत होता. संन्याशाने चातुर्मासाला एकदा आसन मांडले की नदी ओलांडू नये, असा नियम. आणि महाराज नियमाचे मोठे पक्के! अलीकडच्या काठावर धामणखेड. तिथल्या भक्तांना दर्शनाला नावेनेच जावे लागे, आणि पुरामुळे नाव चार दिवस काठाला बांधलेली होती.

अशात तालुक्याच्या कोर्टाचे बेलीफ आबाजी पेटकर चिखल तुडवीत नारोशेटच्या दारी आले. सोबत पंच होते आणि भिवराबाई होती. तिच्या नवऱ्याने, गोविंद सुताराने, शेटला तेलाचा घाणा घडवून दिला होता. शेटने मजुरीला वाटाण्याच्या अक्षता लावल्या, आणि सुतार त्याच हायेने गेला. बाईने दावा लावला, जिंकला, हुकूमनामाही मिळाला. पैसा मात्र हाती लागेना. आबाजी याआधी दोनदा जप्ती घेऊन आले होते. पहिल्या खेपेला शेट म्हणाला, सगळे बायकोचे आहे. दुसऱ्या खेपेला घाणा आणि बैल मेव्हण्याचे निघाले. ऐपत असून न देणारे आबाजींनी पुष्कळ पाहिले होते; त्यांना त्याचे नवल राहिले नव्हते. पण हुकूमनाम्याची बारा वर्षांची मुदत भरत आली होती. ही जप्ती रिकामी परतली, तर बाईला पुन्हा कोर्टाचे दार नव्हते.

"या पेटकर, या!" शेट झोपाळ्यावरून न उठताच म्हणाला. "काय जप्त करता? हे घर, हा घाणा, ही तिजोरी, सगळं मी केवलगिरी महाराजांच्या चरणी वाहिलंय. माझं म्हणून इथं काही नाही. घ्या लिहून!"

"शेट, विचार करून बोला. कोर्टाचा कागद आहे."

"लिहा हो! महाराजांना विचारायचं तर खुशाल विचारा. कार्तिकापर्यंत ते काही नदी ओलांडत नाहीत." मग तो भिवराबाईकडे बघून हसला. "तुझेच गुरू ना गं? जा, आण त्यांच्यावर जप्ती!"

आबाजींनी जबाब लिहिला. शेटने झोकात सही ठोकली, पंचांनीही केली. भिवराबाईने मात्र त्यातला एकच शब्द ऐकला होता.

"साहेब, महाराजांच्या वस्तूला मी हात लावायची नाही. लिहा, बाईला काही नको."

"अहो बाई, हा थापा मारतोय!"

"मारू द्या. नाव तर महाराजांचं घेतलंय ना?" तिचे डोळे वाहत होते, पण शब्द फिरेना. आबाजींना तिची चीड आली आणि कीवही आली. नाइलाजाने त्यांनी टाक दौतीत बुडवला.

"आबाजी, जबाब वाचा पाहू."

दारात केवलगिरी महाराज उभे! बाहेर पाऊस कोसळत होता आणि महाराजांची छाटी कोरडी ठणठणीत! आबाजींनी उठून जबाब वाचला.

महाराज म्हणाले, "नारोबा, हे खरं का?"

शेटच्या तोंडचे पाणी पळाले. खोटे म्हणावे तर कोर्टापुढे खोटी सही केलेली. खरे म्हणावे तर घर गेले.

"ख... खरं, महाराज."

"छान. मग आमचं आम्ही द्यायला मोकळे. तिजोरी उघड. भिवरे, यातलं हवं तेवढं घे."

भिवराबाईने हात जोडले. "कोर्टानं लिहिलंय तेवढंच द्या, महाराज. जास्तीचं नको."

शेटने झोपाळ्यावरून उठून तिजोरी उघडली. आबाजींनी रक्कम मोजून बाईच्या पदरात घातली.

"उरलेलं, नारोबा, प्रसाद म्हणून तुला," महाराज म्हणाले.

सगळे गेले असते, आणि सगळे परत मिळाले! शेटला हुंदका आवरेना. तो महाराजांच्या पायांवर लोटांगण घालू लागला.

महाराज हसले. "अरे, आमचे पाय इथं कुठले? आम्ही नियम मोडलेला नाही. पाय तिकडे आसनावर आहेत. तू जिचा देणेकरी होतास, तिचे धर."

शेटचे कपाळ जमिनीला टेकले. आबाजींनी पाहिले, दारात कोणी नव्हते; उंबऱ्यावर पाण्याचा थेंबही नव्हता. धामणखेडचा नारोशेट गुडघ्यांवर सरकत सुताराच्या विधवेपाशी गेला, आणि साऱ्या पंचांदेखत त्याने तिच्या चिखलाने भरलेल्या पावलांवर डोके ठेवले.