न विचारणारा चार्जर

गोष्ट फार जुनी नाही. घरांचे नकाशे काढणाऱ्या हेमलता सामंतांच्या टेबलावर एक चार्जर होता. लॅपटॉप असो की फोन, वीज देण्याआधी तो विचारायचा, "तुला किती झेपेल?"

जुन्या फोनला याचा राग यायचा. "लॅपटॉपला भरभरून देतोस, आणि मला थेंब थेंब."

"तुझी बॅटरी थकली आहे बाबा. जास्त दिलं तर तुलाच त्रास होईल."

फोन भरायला वेळ लागतो म्हणून हेमलताबाईंनी रस्त्यावरून एक झटपट चार्जर आणला. तो काहीच विचारत नसे. फोन खूश झाला. आठवड्याभरात त्याची बॅटरी फुगली आणि तो बंद पडला.

"त्या जुन्या चार्जरनंच वाट लावली," असं म्हणत बाईंनी दोघांनाही भंगारात टाकलं आणि नवाकोरा फोन झटपट चार्जरला लावला.