उंबरठ्यावरची काळी वेल

एका राज्यात महापूर आला, आणि ओसरला तेव्हा नदीकाठच्या नगरात भिंत म्हणून उरली नव्हती. प्रजा टेकडीवरच्या देवळात जाऊन राहिली. राजा पुष्पकेतूचा राजवाडाही वाहून गेला होता, म्हणून राजाही त्याच देवळाच्या ओवरीत चटई टाकून निजत असे.

अशा वेळी पूर्वेच्या डोंगरावरून मांत्रिक मृदुकंठ खाली आला. दिसायला पंचविशीचा, पण बोलणं म्हाताऱ्यासारखं संथ आणि गोड. त्यानं राजाला नमस्कार केला आणि म्हणाला, "महाराज, मी एका प्रहरात घर उभं करतो. पांढऱ्या दगडाचं, पुराला न हलणारं."

"मोल काय घेशील?" राजानं विचारलं.

"सोनं नको, धान्य नको. दर पुनवेला घरधन्याचा एक दिवस मला द्यायचा."

महिन्यातून एकच दिवस! देवळाच्या ओल्या फरशीवर कुडकुडणारी माणसं आनंदानं रडली. किती पुनवा, हे कुणी विचारलं नाही. ओल्या फरशीवर पोर घेऊन बसलेल्या माणसाला असले प्रश्न सुचत नाहीत.

त्या नगरात चांगुणा नावाची रंगारीण राहत होती. तिचा नवरा हैबती नाव चालवी, माणसं पैलतीरी सोडी. मुलगी सुरंगी तेव्हा तीन वर्षांची होती. मृदुकंठानं त्यांच्यासाठी दोन खोल्यांचं घर उभं केलं, मागं रंगाच्या कढईसाठी पडवी काढून दिली, आणि उंबरठ्याशी काळ्या खोडाची एक वेल लावली. "हिच्यावर हात ठेव," तो म्हणाला. चांगुणेनं हात ठेवला. "वेल वाळली की घर तुझं."

तेव्हापासून रीत सुरू झाली. पुनवेचा सूर्य उगवला की चांगुणा जागच्या जागी निजे, ती दुसऱ्या दिवशीच्या सूर्याला उठे. मधला दिवस मांत्रिकाच्या खाती जाई. त्या दिवशी वेलीची पानं गळून पडत आणि पुढच्या पुनवेपर्यंत नवी फुटत. साऱ्या नगराचं हेच. राजानंही राजवाडा बांधून घेतला होता, तेव्हा पुनवेला दरबार बंद, बाजार बंद, घाट ओस.

"एकच तर दिवस," लोक म्हणत.

पाच वर्षं गेली. एका पुनवेला सुरंगीला ताप चढला. पोर दिवसभर आईला हाका मारत होती. हैबतीनं कपाळावर पट्ट्या ठेवल्या, शेजारच्या लखूबाईनं काढा पाजला. आई तिथंच हातभर अंतरावर निजलेली होती आणि हलत नव्हती. दुसऱ्या सकाळी चांगुणा उठली तेव्हा ताप उतरला होता. पण पोर तिच्याकडे पाठ करून बसली होती.

"तुला किती हलवलं गं तिनं," लखूबाई म्हणाली. "शेवटी हाक मारायची सोडून दिली."

चांगुणा बाहेर येऊन वेलीपाशी बसली. खोडाला तिनं बोटांचा वेढा घातला. पाच वर्षांपूर्वी हात ठेवला होता तेव्हा ते जेवढं जाड होतं, जवळजवळ तेवढंच आजही होतं.

पडवीच्या छपरावर भारद्वाज बसला होता. त्या राज्यात भारद्वाज बोलत, पण विचारल्यावाचून बोलत नसत.

"पाखरा," ती म्हणाली, "ही वेल कधी वाळेल?"

"ते मला ठाऊक नाही, माये. मृदुकंठाला ठाऊक आहे."

"तो खरं सांगेल?"

"तो खोटं बोलत नाही. विचारलं तेवढ्याचंच उत्तर देतो. पण त्याच्याकडून एक उत्तर घ्यायचं तर एक काम करावं लागतं. आजवर कुणी गेलं नाही."

चांगुणेनं भाकरी बांधून घेतली. हैबतीनं तिला नावेतून पैलतीरी सोडलं. "पुढच्या पुनवेच्या आत ये," एवढंच तो म्हणाला. ती डोंगर चढून गेली.

मृदुकंठ आपल्या अंगणात तुळशीला पाणी घालत होता. तिला पाहून त्याला नवल वाटलं, पण रागावला नाही. "बाई, काय हवंय?"

"तीन उत्तरं."

"मग तीन कामं. माझी बारव सूर्यास्ताच्या आत कोरडी कर."

बारवेत उतरून चांगुणेनं घागरीमागून घागर उपसली. पाणी पायरीभर उतरे आणि पुन्हा पायरीभर चढे. दुपार झाली, खांदे भरून आले, हाताची सालं निघाली. तेव्हा तिनं घागर ठेवून दिली. आयुष्यभर कढया उपसलेली बाई ती. भरणाऱ्या कढईला उपसून अंत नसतो हे तिला ठाऊक होतं. श्वास कोंडून ती तळाशी गेली, चाचपडत झऱ्याचं तोंड शोधलं, पदर फाडून त्यात चिकणमाती भरली आणि तोंडाशी ठोकून बसवली. मग उरलेलं पाणी उन्हं कलायच्या आत संपलं.

ती भिजल्या अंगानं मांत्रिकापुढे उभी राहिली. "माझ्या घराची किंमत किती?"

"शंभर दिवस."

चांगुणेचा जीव भांड्यात पडला. पाच वर्षांच्या साठ पुनवा झाल्या होत्या. राहिले चाळीस! तिला वाटलं, धावत घरी जावं. पण बोटांनी मोजलेलं ते जाडजूड खोड तिला आठवलं आणि पाय निघेना.

"दुसरं काम सांगा, महाराज."

त्यानं तिच्या तळहातावर बोराएवढा खडा ठेवला. "हा माथ्यावरच्या शिवालयात नेऊन ठेव." डोंगराला वळणं घेत जाणारी सोपी गाडीवाट होती, आणि सरळ वर चढणारी एक कडेकपारीची पाऊलवाट. चांगुणा गाडीवाटेनं निघाली. दोन वळणांत खडा लिंबाएवढा जड झाला, चौथ्या वळणाला वरवंट्याएवढा. ती थांबली तरी तो जड होतच होता. हा चढानं जड होत नाही, वेळानं होतो, हे तिच्या ध्यानी आलं. तिनं वाट सोडली, कडा धरला, गुडघे फोडून घेत सरळ वर गेली. शिवालयाच्या पायरीवर खडा ठेवला तेव्हा तो तिला जेमतेम उचलवत होता.

खाली येऊन तिनं विचारलं, "मी दिलेल्या साठ दिवसांतले खोडाला किती लागले?"

"दहा."

"आणि पन्नास?"

"ते पानांना गेले. खोड जेवढं जाड, तेवढी पानं फुटतात. दर पुनवेचा तुझा दिवस आधी पानं खातात. उरलं तर खोडाच्या वाट्याला येतं, आणि तेवढंच खोड झिजतं. पहिल्या पुनवेला तुझ्या दिवसाचे सात प्रहर पानांनी खाल्ले आणि एक प्रहर खोडाला लागला." मृदुकंठानं तिला बसायला घोंगडी दिली. "मी थांबतो, बाई. घर आज देतो आणि दिवस सावकाश घेतो. पानं ही त्या थांबण्याची किंमत. अर्धं उत्तर मी देत नाही, म्हणून हेही ऐक. या चालीनं अजून पंधरा वर्षं लागतील. शंभर दिवसांचं घर तुला दोनशे चाळीस दिवसांना पडेल."

चांगुणा घोंगडीवर बसली. पंधरा वर्षं. सुरंगी तोवर लग्न होऊन जाईल.

"हे आधी का नाही सांगितलंत?"

"कुणी विचारलं नाही."

ती उठली. "तिसरं काम?"

"त्या दारातून आत जा आणि रिकाम्या हातानं बाहेर ये."

आत एक घर होतं. सात खोल्या, नदीकडे उघडणारं स्वयंपाकघर, सावलीचं अंगण, आणि रंगासाठी दगडी कुंड, ज्यात पाणी आपोआप खेळत होतं. कोपऱ्यात एक पाळणा हलत होता. मांत्रिकाचा आवाज आला, "हवं तर हे घे. जुन्या वेलीलाच जोडून देईन. पुनवेचा दिवस तोच, एकच. जास्त काही द्यावं लागणार नाही."

चांगुणा त्या स्वयंपाकघरात उभी राहिली. खिडकीतून तिला हैबतीची नाव दिसली. इथं चूल, इथं मांडणी, असं तिनं मनातल्या मनात लावूनही टाकलं. खोटं कशाला बोला, तिला ते घर हवंसं वाटलं. मग तिनं विचारलं, "आणि खोड?"

आवाज आला, "खोड दुप्पट होईल."

तिनं खिडकी लावली आणि बाहेर आली.

"विचार," मृदुकंठ म्हणाला. त्याच्या डोळ्यांत पहिल्यांदाच आदर होता.

"पानं सोडून थेट खोडाला दिवस देता येतो का?"

"येतो. पुनवेच्या दिवसाखेरीज अवसेचा एक जादा दिवस द्यायचा, आणि देताना वेलीवर हात ठेवून 'हा खोडाला' असं मोठ्यानं म्हणायचं. म्हटलं नाहीस, तर वेल तो दिवस पुढच्या पानांसाठी राखून ठेवते. आज एक दिवस खोडाला दिलास, तर शेवटचे चारांहून जास्त दिवस तुझे तुला राहतील. पहिल्याच वर्षी दिला असतास, तर आठ राहिले असते."

"घरातल्या दुसऱ्या माणसाचा चालेल?"

"हेही त्याच उत्तरात आलं. कुणाचाही चालेल. वेल फक्त दिवस ओळखते."

घरी येऊन तिनं सगळं सांगितलं. "म्हणजे अवसेला मी निजायचं," हैबती म्हणाला. "अवसेला पैलतीरी जत्रा असते, चांगुणे. महिन्याची कमाई त्या एका दिवसात होते."

"ठाऊक आहे."

"भाकरीला कोरड्यास मिळणार नाही."

"पाच वर्षं मिळणार नाही. नाहीतर पंधरा वर्षं मी मिळणार नाही."

हैबतीनं पोरीकडे पाहिलं. उठून उंबरठ्याशी गेला, काळ्या वेलीवर हात ठेवला आणि इतक्या मोठ्यानं ओरडला की लखूबाई धावत आली, "हा खोडाला!"

चांगुणा तिथं थांबली नाही. ती दरबारात गेली. राजा पुष्पकेतूनं तिचं बोलणं ऐकलं आणि तो स्वतः राजवाड्याच्या दारी आला. तिथली वेल हत्तीच्या पायाएवढी होती. "मी राजा," तो हळूच म्हणाला, "आणि मीही विचारलं नाही."

मृदुकंठाला बोलावणं गेलं. तो आला, लवून उभा राहिला.

"तू फसवलंस का?" राजानं विचारलं.

"नाही, महाराज. पुरात मी छप्पर दिलं. विचारलं असतं, तर सांगितलं असतं."

"खरं आहे. म्हणून तुला दंड नाही. पण यापुढे माझ्या राज्यात जो घर देईल, त्यानं वेल लावण्याआधी शेवटचा आकडा दारात उभं राहून सांगायचा. विचारण्याची वाट पाहायची नाही." मग राजानं राजवाड्याचे दोन महाल परत केले. मृदुकंठानं टाळी वाजवली, महाल हवेत विरले, आणि खोड तेवढ्यानं निम्मं झालं.

दवंडी पिटली गेली. नगरात कुणी रडलं, कुणी मांत्रिकाला शिव्या घातल्या. मग एकेक दार उघडलं आणि एकेक हात वेलीवर आला. कुणी महिन्याला जादा दिवस दिला, कुणी सहा महिन्यांनी एक. एका म्हाताऱ्याला जादा देणं जमेना. त्यानं आपली माडी परत केली आणि खालच्या खोलीत सुखानं राहिला.

ती वर्षं सोपी नव्हती. चांगुणेच्या घरी सणालाही गोडधोड झालं नाही. पण आता खोड बारीक होताना डोळ्यांना दिसे. खोड बारीक झालं की पानं कमी फुटत, पानं कमी की पुढचा दिवस खोडाला अधिक लागे. पहिलं वर्ष मुंगीच्या पावलांचं गेलं, शेवटचं हरणाच्या. एका अवसेला हैबती निजून उठला तो वेल काडीसारखी मोडून उंबरठ्यावर पडली होती.

ती न्यायला मृदुकंठ स्वतः आला. राजवाड्यापासून एकेक वेल मोडत गेली आणि नगरचे दिवस येणं कमी झालं, तसे त्याचे केस पिकले होते; हातात काठी होती. चांगुणेनं त्याला ताक दिलं.

"राग आहे का माझ्यावर?" त्यानं विचारलं.

"नाही. घर तुम्ही चांगलं बांधलंत. त्या दिवसांत दुसरं कुणी देत नव्हतं."

म्हाताऱ्यानं ताक संपवलं. "इतक्यांचे दिवस अंगात साचले होते, मला कित्येक वर्षांत झोप नव्हती. कुणीतरी येऊन विचारीपर्यंत आणि ते दिवस ओसरेपर्यंत झोप नाही, असा शाप माझ्या गुरूनं मला दिला होता. काल दुपारी पडवीत बसल्या बसल्या डुलकी लागली." असं म्हणून तो हसला, वाळकी वेल खांद्यावर टाकून डोंगराकडे गेला. त्यानंतर राज्यात कुणाच्याही उंबरठ्यावर काळी वेल रुजली नाही.

पुढची पुनव आली. सूर्य उगवला. चांगुणा सवयीनं भिंतीला टेकून, डोळे मिटून बसली. झोप आली नाही. उन्हाचा कवडसा पायावर आला, गुडघ्यावर आला. बाहेर दरबाराची नौबत झडली, घाटावर कुणी कुणाला हाक मारली.

तिनं डोळे उघडले. सुरंगी, आता तेरा वर्षांची, दारात उभी राहून तिच्याकडे टक लावून पाहत होती.

"आई, आज काय करायचं?"

चांगुणा उठली, पोरीची वेणी सोडली आणि तेलाची वाटी घेऊन अंगणात बसली. दिवस अख्खा पडला होता. दोघींना कसलीच घाई नव्हती.