खरवडलेलं नाव

"दुःखाचा मुलगा. माझ्या नावाचा अर्थ हाच ना, बाबा?"

हज्जन रहमीम वाल सोलत होते. मोड आलेले वाल, भिजवून फुगलेले. अंगठ्यानं साल काढायची, दाणा पातेल्यात टाकायचा. त्यांनी मान वर केली नाही.

"हिब्रू तू शिकून आलास," ते म्हणाले. "मला काय विचारतोस?"

"विचारत नाहीये. तुमच्या तोंडून ऐकायचंय."

रेवदंड्याच्या अलीकडे, खाडीकाठच्या एका गावातली ही गोष्ट. गावात तेव्हा बेने इस्राएलांची, म्हणजे कोकणातल्या ज्यूंची, अकरा घरं होती आणि एक लहान सिनेगॉग. तिथली प्रार्थना हज्जन या नात्यानं रहमीमबाबा चालवत. मुलांची सुंता तेच करत, मयताची प्रार्थनाही तेच म्हणत. गावातल्या तीन पिढ्यांची नावं त्यांच्या हातानं लिहिलेली होती.

समोर उभा होता बेनोनी सातिर्जेकर. वय तीस. हिब्रूची पहिली अक्षरं त्यानं याच ओटीवर गिरवली होती. पुढं मुंबई झाली, मग चार वर्षं जेरुसलेम. तिकडून तो परतला तो गुरूच्या उच्चारातल्या चुका काढतच.

त्याला गेल्या आठवड्यात मुलगा झाला होता. उद्या आठवा दिवस, सकाळी सुंता. सगळ्यांसमोर बाळाचं नाव घ्यायचं, आणि त्यापुढं बापाचं.

"उद्या तुम्ही म्हणणार, अमका, बेनोनीचा मुलगा," तो म्हणाला. "माझ्या पोराच्या कपाळी ते नको. माझं नाव आज बदला. बन्यामीन करा. आधार आहे त्याला."

"आहे?"

"पोथीतली राहेल बाळंतपणात मरत होती. जाता जाता तिनं मुलाचं नाव बेनोनी ठेवलं. याकोबानं, बापानं, ते ठेवू दिलं नाही. बन्यामीन केलं. उजव्या हाताचा मुलगा."

"बरोबर."

"पण राहेल मेली, बाबा. माझी आई जिवंत आहे. मग दुःख कसलं?"

बाबांनी आणखी एक वाल सोलला.

"सात गावांत हे नाव दुसऱ्या कुणाचं नाही. मी शोधलंय. पेणच्या मावशीला विचारलं, तर ती म्हणाली, ते सोड, चहा घेतोस का? आईनं मला आजवर एकदाही नावानं हाक मारलेली नाही. 'अरे' म्हणते, नाहीतर 'ऐकलंस का?' आणि माझा जन्म झाला तेव्हा वडील इथं नव्हते. एडनला होते."

"होते."

"किती महिने?"

आता बाबांनी वर पाहिलं. डोळे बारीक केले.

"हे तू कुणाकुणाला विचारत फिरलास?"

"कुणाला नाही."

"आईला?"

"... नाही."

"बरं केलंस." ते पुन्हा खाली वाकले. "कुणी पाठवलं तुला? सासऱ्यानं? नातवाच्या नावापुढं हे नको म्हणून?"

"कुणी नाही. मला जन्माची नोंदवही दाखवा. तुम्ही दाखवणार नाही, ठाऊक आहे मला."

बाबांनी हात धुतले. आत गेले. पेटी उघडल्याचा आवाज आला, मग बराच वेळ काही नाही. बेनोनी दाराकडं सरकला. म्हातारा आत पान फाडत असेल, असं त्याच्या मनात आलं. आल्याची लाज वाटली, तरी तो तिथंच कान देऊन उभा राहिला.

बाबा वही घेऊन बाहेर आले आणि ती त्यांनी सरळ त्याच्या हातात दिली.

पान सापडायला वेळ लागला नाही. बाकीच्या ओळी एका शाईत, एका वळणात होत्या. त्याच्या ओळीत मात्र कागद पात्यानं खरवडलेला होता, आणि त्या खरबरीत जागेवर दुसऱ्या शाईत लिहिलं होतं, 'बेनोनी'.

त्यानं त्या जागेवरून बोट फिरवलं.

"खाडाखोड."

"हो."

"माझ्या जन्माच्या नोंदीत! इथं आधी काय होतं? कुणाचं नाव होतं?"

बाबांनी पान त्याच्या हातून घेतलं, खिडकीपाशी नेलं आणि उन्हासमोर धरलं.

"वाच."

कागद तिथं पातळ झाला होता. वरच्या अक्षरांखाली जुनी अक्षरं उमटली. पुसट, पण लागत होती.

तो मोठ्यानं वाचू लागला आणि मध्येच थांबला.

"बन्यामीन..."

"मी तेच लिहिलं होतं," बाबा म्हणाले. "तू आज मागतोयस तेच."

"मग खरवडलं कुणी?"

"पातं माझं. हात माझा. सांगितलं केतुराबाईनं."

केतुराबाई म्हणजे त्याची आई.

बेनोनी खाली बसला. इतके दिवस त्याचा संशय बाबांवर होता, मावशीवर होता, गावावर होता. आता तो घरातच येऊन बसला.

"चांगलं नाव मिळालं होतं," तो हळू आवाजात म्हणाला. "तिनं ते पुसायला लावलं. स्वतःहून दुःख मागून घेतलं."

"हो."

"म्हणजे मी तिला नको होतो."

बाबांनी कोपऱ्यातली काठी घेतली.

"चल."

"कुठं?"

ते केव्हाच पायऱ्या उतरले होते.

कबरस्तान गावाबाहेर, सुरूच्या बनाला लागून होतं. बाबा मोठ्या कबरी ओलांडून मागच्या कुंपणापर्यंत गेले. तिथं घाणेरीचं रान माजलं होतं. काठीनं त्यांनी फांद्या बाजूला दाबून धरल्या.

आत तीन दगड होते. एकेक हातभर उंचीचे.

"वाच. उच्चार नीट कर. माझे चुकतात."

बेनोनी गुडघ्यावर बसला. पहिल्या दगडावरची माती त्यानं नखानं काढली.

"शालोम."

"अर्थ?"

"शांती."

"खाली वय लिहिलंय."

"... पाच महिने."

"दुसरा?"

"हाईम. अर्थ जीवन." त्यानं विचारायची वाट पाहिली नाही. "एक वर्ष."

"तिसरा?"

"रफाएल. देवानं बरं केलं." तो अडखळला. "दोन महिने. कशानं गेला?"

"तापानं."

वारं सुरूतून सूं सूं करत होतं. बाबा काठी दाबून उभे होते. बेनोनीनं तिन्ही दगडांवर बापाचं नाव शोधलं. तिन्हींवर त्याच्याच वडिलांचं नाव होतं.

"मला कुणी सांगितलं नाही," तो म्हणाला.

"तो तिसरा दगड तुझ्या बापानं स्वतः पुरला. मजूर घेतला नाही. वर्षभरानं तुझी चाहूल लागली. केतुराबाईला पाचवा महिना लागला आणि तो आगबोटीत चढला. मला म्हणाला, रहमीम, आणखी एक पाळणा रिकामा झालेला मला बघवणार नाही."

"पाचवा महिना."

"मोज. मोजायलाच आला होतास ना?"

बेनोनीनं मान खाली घातली. त्यानं मोजलं नाही.

"तिन्ही नावं मी काढून दिली होती," बाबा म्हणाले. "तेव्हा मला अर्थांचा फार अभिमान होता. तुझ्यासारखाच."

"आणि माझं?"

"बन्यामीन लिहिलं. ती आठ दिवसांची ओली बाळंतीण, भिंत धरत माझ्याजवळ आली. म्हणाली, हज्जन, चांगलं नाव नको. म्हटलं, का? म्हणाली, शेजारच्या कोळणीची दोन गेली, तिसऱ्याचं नाव तिनं दगडू ठेवलं. तो जगला. पलीकडच्या आळीतला धोंडू जगला. आपल्या पुस्तकात दगडू नाही का हो?"

बेनोनीनं तिसऱ्या दगडावर हात टेकला.

"दगडू नव्हता," बाबा म्हणाले. "पोथी सगळी चाळली. त्यातल्या त्यात हे सापडलं. राहेलीनं ठेवलेलं, बापानं टाकून दिलेलं. कुणाची नजर पडावी असं त्यात काही नव्हतं. मी पातं घेतलं."

"आणि हाक का नाही मारली कधी?"

"तू मोठा झाल्यावरचं मला ठाऊक नाही. पहिलं वर्षभर तिनं तुला चारचौघांत छातीशीसुद्धा धरलं नाही. परक्याचं पोर असल्यासारखी कडेवर घेऊन उभी राहायची. तू तिला हवा आहेस हे कळू नये म्हणून."

"कुणाला?"

बाबांनी बोट वर केलं. आभाळाकडं.

बेनोनी ताडकन उभा राहिला.

"तुम्ही हज्जन! हे अज्ञान आहे, बाबा. देवावर संशय. आणि तुम्ही तिला साथ दिलीत? पवित्र वहीत?"

"त्या दिवशी मी हज्जन नव्हतो."

"मग कोण होतात?"

"तीन वेळा इथं उभा राहिलेला माणूस."

त्यांनी काठी उचलली. फांद्या पुन्हा दगडांवर आल्या. बेनोनीनं त्या दोन्ही हातांनी धरल्या आणि मुळापासून उपटू लागला. घाणेरीचे काटे तळव्यात गेले. त्यानं थांबून पाहिलं नाही. बाबा काही वेळ उभे राहिले, मग एकटेच परत निघाले.

सकाळी केतुराबाई चुलीपाशी परातीत पोहे, गूळ आणि खोबरं कालवत होती. एलियाहू नबीच्या नावानं वाटायचा मलिदा. बेनोनी दारात येऊन उभा राहिला. त्याच्या तळव्यांवर ओरखडे होते. तिनं ते पाहिले. विचारलं नाही.

"आई, मी काल मागच्या कुंपणाकडं गेलो होतो."

तिचे हात थांबले.

"साफ केलं सगळं," तो म्हणाला. "आता दगड दिसतात."

ती परातीकडं पाहत राहिली. मग पुन्हा कालवू लागली. आधीपेक्षा हळू.

"मला नावानं हाक का नाही मारलीस?"

"ऐकलं असतं."

"कुणी?"

तिनं परातीत खोबऱ्याची मूठ सोडली. मग म्हणाली, "तुझ्या पोराचं काय ठरवलंस?"

"ठरवलं होतं. यदिद्या. देवाचा लाडका असा अर्थ आहे." तो घुटमळला. "आता भीती वाटते. साधंसंच काहीतरी..."

"तेच ठेव."

"पण आई..."

"नाव तू ठेव. हाक मी मारीन."

सिनेगॉगमध्ये अकराही घरची माणसं जमली होती. एलियाहू नबीसाठी राखलेल्या खुर्चीवर निळं मखमली कापड घातलं होतं. मनुकांच्या रसाचा पेला भरलेला होता. बाबांचे हात म्हातारे झाले होते, पण सुरी धरली की स्थिर होत. बाळ एकदा किंचाळलं आणि संपलंही.

बाबा बापाकडं वळले.

"मुलाचं नाव?"

"यदिद्या."

"कुणाचा?"

वास्तविक बाबांना ठाऊक होतं. तरी ते थांबून राहिले. सगळं सिनेगॉग थांबलं. सासऱ्यानं घसा साफ केला. जाळीपलीकडं बायकांमध्ये केतुराबाई उभी होती, पदर तोंडावर धरून.

"बेनोनीचा," तो म्हणाला. मग जाळीकडं पाहून पुन्हा म्हणाला, तितक्याच मोठ्यानं. "बेनोनीचा."

बाबांनी पेला उचलला.

मलिदा वाटून झाला. माणसं पांगली. बाबा अंगणातल्या दगडी बाकावर एकटे बसून पानावरचे पोहे वेचत होते. बेनोनी येऊन शेजारी नाही, समोर खाली बसला. लहानपणी बसायचा तसा.

"बाबा, शेवटचं विचारतो."

"काल शेवटचं झालं ना?"

"माझ्या नावात जी अक्षरं आहेत, त्यांचा अर्थ एकच होत नाही. बेन म्हणजे मुलगा, ओनी म्हणजे माझं दुःख. ओनी म्हणजे माझं बळसुद्धा. याकोब थोरल्या मुलाला म्हणतो, तू माझ्या बळाचा आरंभ. तिथं तीच अक्षरं आहेत. हे मला ठाऊक होतं. चार वर्षं ठाऊक होतं. पण मी तो अर्थ कधी धरलाच नाही. मला दुसराच हवा होता."

"संशयाला तो बरा पडतो."

"आईनं दुःख मागितलं. तिला हिब्रू येत नाही. पण तुम्हाला येत होतं." तो पुढं सरकला. "तुम्ही पोथी सगळी चाळलीत. नेमकं हेच उचललंत. तिला एक सांगितलंत आणि लिहिलंत दुसरं. खरं ना? तुम्ही तिलाही फसवलंत."

बाबा पोहे चावत राहिले.

"खरं सांगा, बाबा. लिहिताना तुमच्या मनात कोणता अर्थ होता? दुःख की बळ?"

बाबांनी पान दुमडलं. सावकाश उठले. बेनोनीच्या डोक्यावर क्षणभर हात ठेवला आणि काढला.

"मी लिहीत होतो तेव्हा तू रडत होतास," ते म्हणाले. "फार मोठ्यानं. आधीच्या तिघांपैकी कुणी तसं रडलं नव्हतं."