अक्काच्या आठवणीचा रफू

पुष्कळ वर्षांमागची गोष्ट. तेव्हा जग नवंकोरं होतं असं तुम्हाला वाटत असेल, तर ते मनातून काढून टाका. जग तेव्हाही जुनंच होतं, आणि जुन्या लुगड्यासारखं जागोजागी विरत होतं. जिथे माणसांचा वावर जास्त, तिथे ते आधी विरायचं आणि मग भोक पडायचं. पाणवठ्याच्या वाटेवर भोक पडलं की घागर घेऊन निघालेली बाई पाण्यापर्यंत पोचायचीच नाही. गोठ्यात पडलं की सकाळी दावं असायचं, बैल नसायचा. लोक चोराला शिव्या द्यायचे आणि चोर बिचारा घरी घोरत असायचा.

ही भोकं बुजवणारे रफूगार होते, असं म्हणतात. त्यांची जमात गावोगाव हिंडायची. कापडाचा रफूगार धागा बाहेरून आणत नाही, त्याच कापडाच्या दुमडीतून काढतो. यांचंही तसंच. पण दुसऱ्याचं काही उसवायचं नाही, उसवायचं ते आपलं, असा त्यांचा नेम होता. कुणाच्या मनात आपली आठवण असेल, तर ती ओढून काढायची आणि तिने भोक भरायचं. रफू असा बेमालूम व्हायचा की परक्याला बोट फिरवूनही कळू नये. फक्त त्या माणसाला तो रफूगार पुन्हा कधी ओळखू यायचा नाही.

बोरखडी गावात दिलेल्या गिरजाचा धाकटा भाऊ या जमातीत गेला. हात सोन्याचा, त्यामुळे बोलावणी फार. आधी त्याच्या बाजारातल्या ओळखी संपल्या, मग भाऊबंदांच्या. त्याचं त्याला दुःख नव्हतं, भाऊबंद तसेही कामापुरतेच ओळखतात. पण बरोबर सूरपारंब्या खेळलेले सोबती समोरून येऊन "रामराम पाहुणं" म्हणायला लागले, तेव्हा तो वाट बदलून जाऊ लागला. आईबाप कधीच गेले होते. शेवटी अख्ख्या जगात त्याला ओळखणारं एकच माणूस उरलं, ती थोरली बहीण.

दर भाऊबीजेला तो यायचा. गिरजा ओवाळायची आणि रागवायची.

"किती वाळलास रं. खायाला कुनी घालत न्हाई का?"

"घालतंय की, अक्का. वर्सातनं एकदा."

त्या एका ताटावर तो वर्ष काढायचा. बाकीचे दिवस त्याला नावाने हाक मारणारं कुणी नव्हतं. स्वतःचं नाव विसरू नये म्हणून तो चालताना ते आपणच पुटपुटायचा, असं म्हणतात.

इकडे गिरजा रोज दिवेलागणीला वेशीवरच्या चिंचेखाली उभी राहून त्याची वाट बघायची. वर्षानुवर्षं तीच जागा, तीच नजर. पायांपेक्षा नजरेनं जग लवकर झिजतं, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. तिथेच भोक पडलं.

आधी दोन शेळ्या गेल्या. मग अर्धी चिंच दिसेनाशी झाली. गावाने धोंडे टाकले, काट्याचं कुंपण घातलं, पण टाकलेल्या धोंड्याचा आवाजसुद्धा आला नाही. भोक वाढतच होतं, आणि गिरजा रोज त्याच्या काठाला उभी राहतच होती.

भाऊबीजेच्या दुपारी तो आला. काठ बघताच त्याला कळलं की हे बहिणीच्या वाट बघण्यानेच झिजलं आहे.

"अक्का, हितं हुबी राहू नगंस."

"मग कुठं राहू? तू याच वाटेनं येतोस न्हवं?"

तिच्या पायाची बोटं काठाबाहेर आली होती. आज ना उद्या ती आत जाणार होती. भोक बुजवायला धागा हवा होता, आणि त्याच्याजवळ तो एकच होता. शेवटचा धागा जमातही मागत नाही. तो तसाच निघून गेला असता, तर कुणी बोल लावला नसता.

त्याने आधी ओवाळून घेतलं. जेवण फार हळू जेवला, आणखी वाढ म्हणाला. मग तिला चिंचेखाली नेऊन म्हणाला, "अक्का, वाईच डोळं मिट."

धागा निघत राहिला, निघत राहिला. त्याला कडेवर घेतल्या दिवसापासूनचा होता तो. भोक भरलं, वाट सांधली, चिंच पुरी झाली. गिरजाने डोळे उघडले, तर समोर एक परका माणूस डोळे पुसत होता. तिने पदर सावरला.

"कुठलं म्हनायचं पाहुणं? पानी देऊ का?"

तो पाणी प्यायला. "लई उपकार झालं, बाई," म्हणाला आणि चालू लागला. त्याला मागून हाक मारावी असं तिला वाटलं नाही.

पुढच्या भाऊबीजेला दुसरा एक रफूगार त्या वाटेने आला. चिंचेखाली त्याने तळवा टेकला आणि खाली बसला. त्या जमातीत टाक्यावर हात ठेवला की धागा कुणाच्या मनातून आणि कसा निघाला, ते कळतं. त्याने गिरजाला सारं सांगितलं.

"नाव काय हुतं त्याचं?" तिने विचारलं.

"त्ये बी धाग्यात गेलं, बाई."

रडायला निदान चेहरा तरी लागतो. गिरजाला तोही नव्हता. तरी ती रडली, असं म्हणतात. मग डोळे पुसून तिने पाट मांडला आणि त्या वाटेने पहिला जो कुणी आला, त्याला ओवाळलं.

बोरखडीच्या बायका अजूनही भाऊबीजेला एक ओवाळणी वाटसरूची ठेवतात. दर वर्षी जागा बदलतात, कधी वेस, कधी ओढा, कधी खळं, म्हणजे वाट बघून तिथलं जग विरायला नको. नाव विचारत नाहीत. तुम्ही त्या दिवशी तिथे गेलात, तर कुणीतरी बाई तुम्हालाही पाटावर बसवेल, कुंकू लावेल आणि म्हणेल, "लई दिस लावलेस रं." तेव्हा मी तो नव्हे, असं सांगू नका. तसं आजवर तिथे कुणी सांगितलेलं नाही.